मालक बदलला की भाडेकरू लगेच बाहेर?

संपादक साहेब,
शहापुरातलं आमचं दुकान वडिलांपासून भाड्यानं आहे, जुन्या मालकानं बिल्डिंग विकली आणि नव्यानं आल्या आल्या शटरला कन्नडमधली नोटीस चिकटवली, आठ दिवसात खाली करा म्हणून. वकील म्हणाले, 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 109 प्रमाणं नवा मालक फक्त जुन्याच्या जागी येतो, भाडेकरार काय तेवढ्यानं संपत नाही, आणि विक्रीची खबर नसताना जुन्याला दिलेलं भाडं पण धरलं जातं. मात्र खाली करायची केस आधीच चालू असेल तर ती विक्रीनं मरत नाही हं, कोर्टाची परवानगी घेऊन नवा मालक तीच पुढं चालवतो. शेजारच्या शिंप्याला हे कुणी सांगितलंच नाही, बिचारा रातोरात मशीन टेम्पोत घालून गेला, डिपॉझिटसुद्धा मागितलं नाही.

– एक भाडेकरू, शहापूर, बेळगाव