तबातिंगाहून घरी

तीर्थरूप आई-बाबांना, शिरसाष्टांग नमस्कार.

मी अगदी बरी आहे. इथल्या रानातल्या लोकांनी बाहेरच्यांवर बाण सोडल्याची मामांनी पाठवलेली बातमी वाचून आईची झोप उडाली, असं छोटीनं कळवलं. अगं आई, मी जंगलात राहत नाही. तबातिंगा हे ब्राझीलच्या सीमेवरचं चांगलं गाव आहे, बाजार आहे, दवाखाना आहे. चालत गेलं तरी कोलंबियात पोचतो. बाहेरच्यांना न भेटणारे ते लोक जावारीच्या खोऱ्यात, फार आत आहेत. त्यांचं रान मी फक्त उपग्रहाच्या चित्रांत बघते, कुठे नवी तोड दिसते का ते.

बाबा, तुम्ही विचारलंत, सरकार त्यांच्यापर्यंत दवाखाना का नेत नाही? इथे आदिवासींसाठी फुनाय नावाचं सरकारी खातं आहे. इतुई आणि इताकुआई नद्यांच्या संगमावर त्यांची चौकी आहे, तीच मुळी बाहेरच्यांना अडवायला! पूर्वी खात्याचीच माणसं कोयते, भांडी घेऊन ओळख करायला जायची. याच खोऱ्यातल्या मातीस नावाच्या आदिवासींशी १९७०च्या दशकात अशी ओळख झाली आणि काही वर्षांत सर्दी-तापासारख्या आजारांनी त्यांची निम्म्याहून जास्त माणसं गेली. आपल्याला दोन दिवस झोपवणारा ताप त्यांची घरंच्या घरं रिकामी करतो. म्हणून १९८७ पासून धोरण असं, की आपण होऊन भेटायला जायचं नाही. विमानातून त्यांची घरं, केळीची लागवड दिसली की माणसं आहेत एवढं समजायचं, आणि रान राखायचं. जावारीचं हे राखीव रान ८५ हजार चौरस किलोमीटर आहे, म्हणजे विदर्भाहून थोडंच लहान. मला हे फार मोलाचं वाटतं, बाबा. इतकी माणसं मेल्यावर का होईना, कुणाला तरी थांबावंसं वाटलं.

जावारीत २०२२ साली दोन खून झाले, ती बातमीही मामांना सापडली असेलच. ते खून बेकायदा मासेमारी करणाऱ्यांनी केले, रानातल्यांनी नव्हे. आणि ते झाले त्या नदीवर मी जात नाही.

मी चाळीस हजार रुपये पाठवले आहेत. बाबांच्या मोतीबिंदूचं आता पुढे ढकलू नका. कोल्हापूरच्या स्थळाला नाही कळवा, त्यांना ताटकळत ठेवणं बरं नाही. छोटीच्या साखरपुड्याला मला रजा मिळत नाहीये. तिला मी फोनवर सांगितलं, ती हसून "चालेल गं" म्हणाली, तेव्हापासून चैन नाही. लग्नाला मात्र हळदीच्या आधी पोचते, आई, नक्की. हॉलचे उरलेले पैसे मीच भरणार आहे, त्यासाठी पतपेढीचं कर्ज काढू नका.

तुमची,
मोठी