दिवाणजी काकांना, कृष्णेच्या घाटावरच्या गणितासाठी

तीर्थस्वरूप दिवाणजी काका,
शि. सा. नमस्कार.

दहावीचा निकाल लागला त्याच दिवशी घरी येऊन पेढे दिले. पण आभार मानायला तोंड उघडलं की तुम्ही "चहा टाकायला सांगू का?" म्हणून विषय बदलता. म्हणून हे सगळ्यांसमोर लिहिते आहे.

बाहेरून दहावीला बसायचा सतरा नंबरचा फॉर्म भरला तेव्हा मी चौतीस वर्षांची होते. बीजगणितात अडायचे ते एकाच जागी. अपूर्णांकाआधी वजा चिन्ह आलं की हात थांबायचा. −१/२ आणि −१/३ यांची बेरीज मी −२/५ लिहायचे, वरचे वर आणि खालचे खाली मिळवून. लहानपणी याच चुकीसाठी वर्गात उभी राहिले होते. का चुकलं ते कुणी सांगितलं नव्हतं. तुम्ही वही बघितलीत आणि विचारलंत, "अगं, अर्धा रुपया देणं होतं, त्यात आणखी देणं वाढलं, मग एकूण देणं अर्ध्यापेक्षा कमी कसं झालं?"

हळदीच्या अडत दुकानात जन्मभर खतावणी लिहिलेल्या माणसालाच असं विचारणं सुचतं. ब्रह्मगुप्तानेही इ. स. ६२८ मध्ये बेरीज-वजाबाकीचे नियम 'धन' आणि 'ऋण' याच शब्दांत मांडले, हे मला नंतर कळलं.

पण माझं खरं गणित सुटलं ते घाटावर. पुराच्या दिवसांत आपण सांगलीकर आयर्विन पुलाखालच्या पाण्याचे फूट मोजत असतो, ४५ म्हणजे धोका हे पोरासोरांनाही पाठ. तुम्ही हिवाळ्यातल्या शांत पाण्यावर शिकवलंत. पायऱ्यांच्या कडेच्या भिंतीवर खडूची आडवी रेघ ओढलीत, "हे शून्य" म्हणालात आणि माझ्या शिलाई मशीनवरची टेप मागून घेतलीत.

शनिवारी पाणी रेघेखाली तीन इंच, म्हणजे −१/४ फूट. रविवारी सकाळी नऊ इंच, −३/४. संध्याकाळपर्यंत दोन इंच चढलं, म्हणजे अधिक १/६. पाव, पाऊण, एक षष्ठांश, सगळ्यांचे मी इंच केले, आणि छेद १२ का करायचा ते लसावि न काढताच समजलं. −९/१२ + २/१२ = −७/१२. टेप लावली, बरोबर सात इंच खाली. मग तुम्ही विचारलंत, कालपासून फरक किती? −७/१२ − (−३/१२). दोन वजांचं अधिक का होतं हे आयुष्यात पहिल्यांदा डोळ्यांनी दिसलं: काल तीन खाली, आज सात खाली, पाणी चार इंच उतरलं. −४/१२, म्हणजे −१/३ फूट.

−१ ३/४ मध्येही मी फसायचे. वजा एक, अधिक पाऊण असं धरायचे. "पावणेदोन रुपये देणं असताना रुपया द्यायचा आणि पाऊण घ्यायचा, असं असतं का? दोन्ही देणंच," म्हणालात. −७/४. त्यानंतर एकदाही चुकले नाही.

संध्याकाळी गुडघे दुखत असताना तुम्ही त्या पायऱ्या माझ्यासाठी उतरत होता, हे मला दिसत होतं काका.

भिंतीवरची रेघ पावसाळ्यात धुऊन गेली. टेपवर बाराच्या आकड्यापाशी तुम्ही पेनाने केलेला ठिपका पुसट झाला होता. परवा ब्लाऊज बेतताना तो मी पुन्हा गडद केला.

तुमची,
शेजारची शिलाईवाली