तुझ्या एकांकिकेतला मामा

चि. बाळा,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या एकांकिकेची वही दोनदा वाचली. पहिल्यांदा रडू आलं, दुसऱ्यांदा मात्र राग आला. मामा आल्या आल्या ओरडतो काय, त्याची बहीण जमिनीतल्या हक्कावर पानभर बोलते काय! आपल्या घरांत असं कोण बोलतं गं?

२००५ साली कायदा बदलला आणि वडिलोपार्जित जमिनीत मुलीलाही जन्मापासून मुलाइतकाच वाटा आला. मला ते ठाऊक होतं. तरी आबा गेल्यावर मी माझा वाटा सोडला, हक्कसोडपत्रावर सही केली. तुझा खरा मामा ओरडला नव्हता. रजिस्ट्री कचेरीत तो माझ्याकडं बघतच नव्हता. एवढंच म्हणाला, "ताई, सकाळपासून काही खाल्लं नाहीस." परतताना औशात त्यानं मला साडी घेतली. ती मी अजून नेसले नाही आणि कुणाला दिलीही नाही.

दरवर्षी तिकडून तुरीची डाळ येते ना, तिचं पोतं सोडताना मनात येतं, ही माझ्याच रानातली. तोंडानं मात्र म्हणते, "कशाला एवढी पाठवलीस?" एका वर्षी डाळ यायला उशीर झाला तर मला झोप लागेना. डाळीसाठी नव्हे, तो विसरला की काय म्हणून. हे लिही. आणि त्यानं बारावीनंतर शिक्षण सोडून रान धरलं म्हणून माझं बी.एड. झालं, हेही लिही. ते आलं की तुझ्या नाटकातल्या बहिणीला सहीला 'नाही' म्हणणं किती जड जाईल बघ.

पण म्हणून त्याला देवमाणूस करू नकोस. सही मागितली ती चूकच होती. मी आजही तेच म्हणेन.

एलकुंचवारांच्या 'वाडा चिरेबंदी' नाटकात (१९८५) अंगणात ट्रॅक्टर गंजत पडलेला असतो. कुणी न सांगता त्या घराचं सगळं कळतं. तशी तुझ्या नाटकात घडी न मोडलेली साडी दिसू दे. तिच्याबद्दल कुणी बोलू नये. पानभराचं ते भाषण काढून टाक.

येळवसेला, वेळा अमावास्येला, सुट्टी काढून ये. रानात कडब्याच्या कोपीपाशी सगळे जेवायला बसतील तेव्हा वही पिशवीतच ठेव. आंबील आधी कुणाला मिळते, मामी उंडे-भज्जी कुणाला आग्रहानं वाढते, मामा माझ्या शेजारी बसतो की समोर, ते नुसतं बघ. तू येणार म्हणून त्याला कळवलंय. तुला न्यायला फाट्यावर तोच येणार आहे.

तुझी,
आई