विषय: केशरी पाकिटावरच्या 'एम'चा अर्थ, आणि एकच औषध दोन पाकिटांत घालून त्याला 'आलटून-पालटून' म्हणणं

प्रति,
ग्राहक तक्रार विभाग, आणि हा विभाग काही वाचत नसेल तर त्याच्या वर जे कोणी बसतात ते

नमस्कार-चमत्कार करायच्या मूडमध्ये मी नाही. आत्ताच तुमच्या टोल फ्री नंबरवरच्या साहेबांनी माझं वाक्य अर्धवट असताना फोन ठेवलाय, म्हणून उरलेलं वाक्य लेखी पाठवतोय.

माझी निफाड तालुक्यात थॉमसन द्राक्षाची बाग आहे. ऑक्टोबर छाटणीनंतर डावणीसाठी, म्हणजे पानांवर तेलकट डाग पाडणाऱ्या रोगासाठी, तुमची दोन औषधं घेतली, दोन्ही तुमच्याच शेड्युलप्रमाणे. जांभळ्या पाकिटावर बारीक अक्षरात लिहिलंय मेटॅलॅक्सिल ८ टक्के अधिक मॅन्कोझेब ६४ टक्के डब्ल्यूपी, आणि केशरीवर मेटॅलॅक्सिल-एम ४ टक्के अधिक मॅन्कोझेब ६४ टक्के डब्ल्यूपी. ब्रँडचं नाव दोन्हीकडे एवढं मोठं की बांधावरून वाचता येईल, कंटेंट वाचायला मात्र चष्मा लावून पाकीट उन्हात धरावं लागतं. आणि तुमचं ते चकचकीत शेड्युल, जे तुम्ही मेळाव्यात टोपीबरोबर फुकट वाटता, त्यात स्पष्ट छापलंय की आधीची फवारणी जांभळ्याची आणि पुढची केशरीची, कारण बुरशी औषधाला सरावू नये म्हणून औषधं आलटून-पालटून वापरा.

माझा प्रश्न एवढाच होता की ही दोन औषधं खरंच वेगळी आहेत का. मेटॅलॅक्सिल आणि मेटॅलॅक्सिल-एम यात फरक काय, तो एम कशाचा. हो किंवा नाही आणि वर दोन ओळी, एवढ्यात संपणारं काम. दुकानदाराला विचारलं, तो म्हणाला कंपनीने सांगितलं तसं मी सांगतो. तुमच्या एरियाच्या माणसाला विचारलं, तो म्हणाला व्हॉट्सॲप करतो, आणि त्याने मला केशरी पाकिटाचा फोटो पाठवला. पाकीट माझ्या हातातच होतं हो.

मग हेल्पलाईन. मराठीसाठी दोन दाबा म्हणून दोन दाबलं की समोरून "जी सर, बताइए". ठीक आहे, हिंदीत सांगितलं. मग हा सवाल टेक्निकलचा आहे म्हणून होल्ड, होल्डवर तुमचीच जाहिरात, त्यात शेतकरी नाचतोय. नाचू दे बिचारा. आजवर प्रत्येक वेळी इथेच लाईन कटायची. आज मात्र तुमचे "ॲग्री एक्सपर्ट" लाईनवर आले, मराठीच होते, आणि मला वाटलं आता सुटलो.

मी विचारलं, केशरी पाकिटावर मेटॅलॅक्सिलच्या पुढे एम आहे तो कशाचा?

म्हणाले, "सर, एम म्हणजे मॅन्कोझेब."

मी म्हटलं, मॅन्कोझेब तर पुढे अख्खं लिहिलंय की ६४ टक्के, मग ते दोनदा कशाला?

जरा वेळ नुसता कीबोर्डचा आवाज. मग, "सर, तो शॉर्टफॉर्म आहे आणि पुढे फुलफॉर्म. शेतकऱ्यांच्या सोयीसाठी."

सोयीसाठी! बरं म्हटलं, मग जांभळ्यात पण मॅन्कोझेब आहे, तिथे एम का नाही? म्हणाले ते जुनं डिझाईन आहे. मी म्हटलं असू दे, एकात ८ आणि दुसऱ्यात ४ हे का? "सर, जांभळं स्ट्राँग आहे, डबल पॉवर. केशरी माईल्ड आहे, कोवळ्या फुटीसाठी." मग माईल्डचे पैसे जास्त का घेता? "सर, ते प्रीमियम आहे."

तरी मी शांत होतो, घरातल्यांना विचारा. शेवटी म्हटलं साहेब, मला फक्त दोन्हींचा गट नंबर सांगा, म्हणजे औषध बुरशीच्या कुठल्या जागेवर घाव घालतं त्यावरून ठरणारा नंबर, की विषय संपला. म्हणाले, "चार." मला वाटलं चला, आले मार्गावर. तर पुढे म्हणतात, "केशरीचा चार आणि जांभळ्याचा आठ." म्हणजे साहेब पाकिटावरचे टक्के वाचत होते!

यावर मी म्हटलं की साहेब, गट वेगळा आणि टक्के वेगळे. तर त्यांचा आवाज बदलला. इतका वेळ मी सर होतो, तिथून पुढे काका झालो. "काका, शिक्षण किती झालंय तुमचं?" मी सांगितलं, राहुरीहून बीएस्सी ॲग्री. तर म्हणे मग तर तुम्हाला माहीत पाहिजे! आणि वर, "काका, केमिकलच्या नावात तुम्ही कशाला पडता, ती नावं कंपनीसाठी असतात, शेतकऱ्याने ब्रँड लक्षात ठेवायचा आणि रिझल्ट बघायचा." मी म्हटलं रिझल्ट बघूनच फोन केलाय, आणि फोन कट.

मला काका म्हणाल्याचा राग नाही, वय झालंच आहे. पण ज्याच्या ब्लोअरमध्ये तुमचं औषध जातं त्याने त्या औषधाचं नाव विचारायचं नाही, हे तुमच्या पगारावरचा माणूस मला सांगतो?

आता मुद्द्याचं. हे तुम्हाला सांगायची खरं तर गरज नाही, औषध तुमचं आहे, तुमच्या केमिस्टला झोपेतून उठवलं तरी तो सांगेल, पण तुमच्या हेल्पलाईनपर्यंत ते पोचलेलं नाही म्हणून लिहितो, प्रिंट काढून त्यांच्या टेबलावर चिकटवा. तुमच्याच टेक्निकल शीटवर जांभळ्यातल्या घटकाचं पूर्ण रासायनिक नाव आहे मिथाइल एन-(मेथॉक्सिॲसिटिल)-एन-(२,६-झायलिल)-डीएल-ॲलॅनिनेट. केशरीच्या शीटवर अक्षर न् अक्षर तेच, फक्त डीएलच्या जागी नुसता डी. सगळा फरक तेवढ्यात आहे. मेटॅलॅक्सिलचा रेणू दोन रूपांत असतो, डाव्या-उजव्या चपलेसारखा, आणि साध्या मेटॅलॅक्सिलमध्ये दोन्ही निम्मी निम्मी असतात. डावणीवर खरं काम करतं ते त्यातलं एकच, ज्याला आर रूप म्हणतात. मेटॅलॅक्सिल-एम म्हणजे जवळजवळ सगळं तेच आर रूप, ज्याला मेफेनोक्झाम असंही नाव आहे. त्यात मॅन्कोझेबचा काही संबंध नाही, तो वेगळा घटक, जोडीला घातलेला.

आता तुमच्या लेबलवरचाच डोस घेऊन हिशोब करा, दोन्हींना लिटरला अडीच ग्रॅम. जांभळ्यातून लिटरमागे ०.२ ग्रॅम मेटॅलॅक्सिल जातं, त्यातलं कामाचं निम्मं म्हणजे ०.१ ग्रॅम. केशरीतून ०.१ ग्रॅम मेटॅलॅक्सिल-एम जातं, जवळपास सगळंच कामाचं. मॅन्कोझेब दोन्हीकडे १.६ ग्रॅम. म्हणजे वेलीवर पडलं काय, तेच आणि तेवढंच! कुठली डबल पॉवर आणि कुठलं माईल्ड? निम्म्या मापात तेच काम होतं, जमिनीत बिनकामाचं केमिकल कमी जातं, ही केशरीची चांगलीच गोष्ट आहे आणि त्यासाठी चार पैसे जास्त द्यायलाही माझी ना नाही. पण तसं सांगून विका ना. रोटेशन म्हणून का विकता?

हेच मला खटकलंय आणि पुन्हा लिहितो, कारण फोनवर हे वाक्य कोणी पुरं होऊच दिलं नाही: एकच औषध दोन पाकिटांत घालून एकामागून एक मारणं म्हणजे आलटून-पालटून नव्हे. दोन्ही फेनिलअमाइड, दोन्ही गट नंबर ४, दोन्ही बुरशीच्या आरएनए बनवण्याच्या एकाच जागेवर घाव घालतात. बुरशीने एकाला तोंड द्यायला शिकलं की दुसरंही बाद. आणि हा गट त्याबाबत बदनाम आहे, मेटॅलॅक्सिल १९७७ ला बाजारात आलं आणि १९८० च्या आसपास इस्रायलच्या काकडीत डावणी आणि आयर्लंड, नेदरलँड्सच्या बटाट्यात करपा त्याला दाद देईनासा झाला होता. म्हणून तर फवारणीला ते एकटं न देता मॅन्कोझेबच्या जोडीने देतात. हे जगाला माहीत आहे, तुमच्या शेड्युल छापणाऱ्यालाच माहीत नाही?

तुम्ही म्हणाल मॅन्कोझेब आहे ना संरक्षणाला. आहे, पण ते स्पर्शजन्य, पानाच्या आत शिरत नाही, फवारल्यानंतर निघालेल्या नव्या फुटीवर ते नसतंच आणि जोराच्या पावसात बरंचसं धुऊन जातं. नोव्हेंबरात आमच्याकडे अवकाळी झाला तेव्हा फूट जोरात होती. पानांवर तेलकट डाग, खालून पांढरी बुरशी, आणि मग डावणी घडात. पाऊस तुम्ही पाडला नाही हे मला कळतं, सगळं नुकसान तुमच्या माथी मारायला मी बसलेलो नाही. पण त्या वेळेला माझ्या बागेवर दुसऱ्या गटाचं काहीतरी असायला हवं होतं, डायमेथोमॉर्फ म्हणा, सायमोक्झॅनिल म्हणा, आणि ते नव्हतं कारण तुमच्या शेड्युलप्रमाणे केशरी मारणं हेच रोटेशन होतं. नुसत्या नावावर जाऊनही भागत नाही, डायमेथोमॉर्फ आणि मॅन्डिप्रोपॅमिड ही नावं ऐकायला किती वेगळी, पण दोन्ही ४० नंबर गटातली, त्यांचीही आपापसात अदलाबदल करून उपयोग नाही. म्हणूनच गट नंबर विचारत होतो. म्हणूनच, काका असूनही, नावात पडत होतो.

अजून एक राहिलं. त्याच फोनवर साहेब मध्येच म्हणाले की जांभळं भुरीवर, म्हणजे पानांवर-घडांवर राखेसारखी भुकटी धरणाऱ्या रोगावर, पण चालतं. नाही चालत! मेटॅलॅक्सिल चालतं ते डावणी, बटाट्यातला करपा, मूळकूज करणाऱ्या ऊमायसीट जातीवर, म्हणजे बुरशीसारख्या दिसणाऱ्या पण वेगळ्या कुळातल्या जिवांवर, भुरीची बुरशी पूर्ण वेगळी. मी ऐकून सोडून दिलं, पण माझ्या जागी एखादा नवीन पोरगा असता तर भुरीवर तेच मारत बसला असता आणि सल्फरची वेळ गेली असती. याची जबाबदारी कोणाची, ब्रँड लक्षात ठेवणाऱ्याची?

आणि एक्सपोर्टवाल्यांचं तर विचारूच नका. युरोपच्या रेसिड्यू रिपोर्टात, म्हणजे मालात उरलेल्या औषधाच्या तपासणीत, मेटॅलॅक्सिल आणि मेटॅलॅक्सिल-एम एकाच ओळीत येतात, सगळ्या आयसोमरची, म्हणजे त्या डाव्या-उजव्या रूपांची, बेरीज करून. लॅब दोघांना एक धरते, आणि तुम्ही विकताना दोन. दोन्हींतल्या मॅन्कोझेबला तर युरोपने २०२० च्या डिसेंबरात मंजुरी वाढवून दिली नाही, म्हणजे ते टेन्शन डबल. शेड्युलमध्ये त्याबद्दल एक ओळ नाही, टोपीवर लिहिलं असेल तर बघतो.

वाईट याचं वाटतं की आमच्या घरात वडिलांपासून तुमचंच औषध येतं. पूर्वी तुमचा माणूस बागेत यायचा, पान उलटं करून बघायचा, दुसऱ्या कंपनीचं औषध योग्य असेल तर तेही सांगायचा. आता माणूस टार्गेट घेऊन येतो आणि पाकिटाचे फोटो पाठवतो.

तर आता मला लेखी उत्तर हवंय, कंपनीच्या लेटरहेडवर, मराठीत: दोन्ही पाकिटांतला घटक एकाच गटातला आहे की नाही, आणि असेल तर शेड्युलमध्ये ते आलटून-पालटून म्हणून कोणी आणि का छापलं. चुकीचं शेड्युल परत घ्या आणि जिथे जिथे वाटलंय त्या गावांत दुरुस्त करून वाटा, टोपी नसली तरी चालेल. पाकिटावर गट नंबर ब्रँडच्या नावाइतका नको, निदान वाचता येईल एवढा मोठा छापा. माझ्याकडे केशरीची न फोडलेली पाकिटं पडून आहेत, ती पक्क्या बिलासकट परत घ्या आणि पैसे द्या, क्रेडिट नोट आणि पुढच्या खरेदीवर सूट असले प्रकार मला नकोत, कारण पुढची खरेदी होईलच याची खात्री तुम्ही ठेवू नका. आणि त्या एक्सपर्ट साहेबांना नोकरीवरून काढू नका, त्यांना कोणी शिकवलंच नसणार, त्यांना आठवडाभर बागेत पाठवा आणि ज्याने त्यांना ते स्क्रिप्ट दिलंय त्याला जाब विचारा.

पंधरा दिवसांत उत्तर आलं नाही तर हेच पत्र, तुमच्या शेड्युलचा फोटो आणि दोन्ही लेबलं जोडून, कृषी विभागाच्या गुणनियंत्रण निरीक्षकाकडे आणि जिल्हा ग्राहक आयोगात जाईल. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ मध्ये दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीचं काय लिहिलंय ते तुमच्या वकिलांना विचारून घ्या. फोनचं रेकॉर्डिंग माझ्याकडे आहे, "गुणवत्तेसाठी हा कॉल रेकॉर्ड होत आहे" असं तुम्ही म्हणालात तेव्हा मीही चालू केलं होतं. ते अजून आमच्या द्राक्षवाल्यांच्या ग्रुपवर टाकलेलं नाही.

उत्तर फोनवर देऊ नका, लेखीच द्या.

एक द्राक्ष बागायतदार,
ता. निफाड, जि. नाशिक

सोबत: दोन्ही पाकिटांचे फोटो, शेड्युलचं पान, खरेदीचं बिल