सापेक्षतेचे अर्धेच गणित नको

महोदय,

‘धावते घड्याळ मंद चालते’ एवढ्यावरच आइनस्टाइनच्या सापेक्षता सिद्धांताची ओळख थांबली, की जीपीएस उपग्रहावरील घड्याळाच्या उदाहरणात उत्तर उलटे येते. उपग्रहाचा वेग सेकंदाला सुमारे ३.९ किमी. त्याचा वर्ग प्रकाशवेगाच्या वर्गाच्या दुपटीने भागा, ८६,४०० सेकंदांनी गुणा: घड्याळ दिवसाला ७ मायक्रोसेकंद (सेकंदाचे दहा लाखावे भाग) मागे. पण २०,२०० किमी उंचीवर पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाचा प्रभाव कमी, म्हणून तेच घड्याळ ४५ मायक्रोसेकंद पुढेही जाते. वजाबाकी केली तर ते ३८ ने पुढेच! तेवढ्या वेळात प्रकाश ११ किमी कापतो, म्हणजे संदेशाच्या वेळेवरून मोजलेल्या अंतरात दिवसाला तेवढी चूक. म्हणूनच उपग्रहाच्या घड्याळाची १०.२३ मेगाहर्ट्झची वारंवारता उड्डाणापूर्वीच १०.२२९९९९९९५४३ वर लावतात. अकरावीच्या मुलांना हा हिशेब सहज जमेल. शिक्षकांनी तो वहीत करून घ्यावा.

– भौतिकशास्त्राचा शिक्षक, पुणे