वहिनीला दुसऱ्याचं विचारू नका

ओकायामा

ती. आई-बाबांना सा. न.

परवा फोनवर आईने पुन्हा तोच विषय काढला, म्हणून सविस्तर लिहितेय. "चिनू आता शाळेत जायला लागली, वहिनीने दुसऱ्याचं मनावर घ्यावं. तुझं ऐकते ती, तूच समजाव." आई, मी समजावणार नाही. तुम्ही दोघांनीही तिला विचारणं थांबवावं, असं मला मनापासून वाटतं.

मी राहते त्या देशाला हा प्रश्न कितीतरी वर्षं छळतोय. 1949 साली जपानमध्ये सुमारे 27 लाख मुलं जन्मली होती. 2024 मध्ये 7 लाखसुद्धा नाहीत. लोकसंख्या आहे तेवढी राहायची तर एका बाईमागे सरासरी 2.1 मुलं लागतात; इथे 2024 मध्ये ती 1.15 वर आली. बाबा, तुम्हाला आकड्यांची आवड, म्हणून एक गोष्ट सांगते. इथल्या पंचांगात साठ वर्षांनी एकदा 'अग्निअश्वा'चं वर्ष येतं. त्या वर्षी जन्मलेली मुलगी नवऱ्याच्या जिवावर उठते, अशी जुनी समजूत. मंगळ असलेल्या मुलीबद्दल आपल्याकडे बोलतात ना, तसंच. 1966 हे असं वर्ष होतं. लोकांनी मुलं होऊच दिली नाहीत. जन्म जवळजवळ पाव हिश्श्याने घटले आणि सरासरी 1.58 वर आली. पुढच्या वर्षी सगळं पूर्ववत. पण 1989 मध्ये कुठलंही अशुभ वर्ष नसताना आकडा 1.57 लागला, तेव्हा सरकार हादरलं. तेव्हापासून योजना, भत्ते, पाळणाघरं चालूच आहेत. 2023 पासून एका बाळंतपणाला 5 लाख येन मिळतात. तरी आकडा उतरतोच आहे.

याचा अर्थ इथल्या मुली स्वार्थी झाल्या, असं म्हणणारेही आहेत. मला ते अजिबात पटत नाही.

माझ्या ऑफिसातल्या एका मैत्रिणीला नुकतीच मुलगी झाली. इथेही बाळंतपणाला माहेरी जायची पद्धत आहे. पण तिच्या माहेरच्या गावाजवळच्या रुग्णालयातला प्रसूती विभागच बंद झालाय. जन्म कमी, म्हणून डॉक्टर नाहीत; डॉक्टर नाहीत, म्हणून बायका तिथे राहत नाहीत. शेवटी तिची आईच इकडे येऊन राहिली. येताना तिने एक जुनी वही आणली होती. इथे प्रत्येक गरोदर बाईला नगरपालिकेकडून अशी वही मिळते. तपासण्या, बाळाचं वजन, लशी, सगळं तिच्यातच लिहायचं. मैत्रिणीच्या जन्माच्या वेळची ती वही मी हातात घेऊन पाहिली. निळ्या शाईत बारीक अक्षर, पानोपानी एकट्या आईचं. एका पानावर नुसतं, "आजही रात्रभर रडली." वडिलांच्या हातचा एक शब्द त्यात नाही. नव्या वहीत मात्र नवऱ्याच्याही नोंदी आहेत. त्याने रजा घेतली होती. पण सगळेच नवरे अजून असे नाहीत. 2021 च्या सरकारी पाहणीत सहा वर्षांखालचं मूल असलेल्या घरात बायको घरकाम आणि मुलांसाठी दिवसाला साधारण साडेसात तास देत होती, नवरा दोन तासांहूनही कमी. बहुतेक घरांतलं गणित या दोन आकड्यांपाशीच अडतं.

आणि हे फक्त जपानचं नाही, आई. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशाची सरासरी 2.0 आली आणि महाराष्ट्राची 1.7. मी जन्मले त्या सुमाराला देशाची 3.4 होती. म्हणजे एकावर थांबणारी आपली वहिनी काही जगावेगळी नाही. तिचं सीझर झालं. त्याच पाहणीनुसार खासगी दवाखान्यांत जवळजवळ निम्मी बाळंतपणं सीझरनेच होतात. टाके ओढत असताना ती रात्री एकटी उठायची. दादा चांगला आहे, पण तेव्हा तो सकाळी आठला निघून रात्री नऊला यायचा. पाळणाघर सहाला बंद होतं, म्हणून तिने हातची बढती सोडली. हे तिने मला एकदाच सांगितलं, तेही मी खोदून विचारल्यावर.

तू म्हणतेस, "आम्ही नाही का नोकरी करून दोघांना वाढवलं?" वाढवलंत, आणि त्याचं मोल मला ठाऊक आहे. पण तू वाळव्याच्या शाळेत शिकवायला जायचीस तेव्हा आजी घरात होती, काकू शेजारच्या खोलीत होती. मला न्हाऊ कोणी घातलं, वरणभात कोणी भरवला, हे तुलाही सगळं आठवणार नाही, इतके हात होते. वहिनीच्या फ्लॅटमध्ये दार लावलं की ती आणि चिनू.

आमच्याच जिल्ह्यात नागी नावाचं जेमतेम सहा हजार वस्तीचं गाव आहे. तिथे 2019 मध्ये सरासरी 2.95 होती, जपानच्या दुपटीहून जास्त. मी मुद्दाम जाऊन आले. पैसा त्यांनी दिलाच आहे. मोठ्या वयाच्या मुलांपर्यंत औषधोपचार फुकट आहेत. पण माझ्या लक्षात राहिली ती तिथली बालकेंद्राची खोली. एक तरुण आई भिंतीला टेकून चक्क झोपली होती आणि तिचं तान्हं मूल गावातल्या एका म्हाताऱ्या बाईच्या मांडीवर होतं. कोणी कोणाला काही विचारत नव्हतं.

दुसरं मूल हवं की नको, हे वहिनी आणि दादा ठरवतील. नको म्हणाले तर तेही मनापासून मान्य करा, चिनूसमोर "एकटी पडेल पोर" असं म्हणू नका. पण एवढं कराच: उन्हाळ्याच्या सुट्टीत चिनूला महिनाभर सांगलीला घेऊन या. आणि बाबा, दादाशी तुम्ही बोला. सकाळचा डबा आणि शाळेची तयारी त्याने करावी, असं माझ्यापेक्षा तुम्ही सांगितलंत तर तो ऐकेल. येत्या रविवारी त्यांचा फोन येईल, तेव्हाच सांगा.

तुमची,
मनू