आमच्या गेमसंग्रहाला दाखल नोंदवही देणाऱ्या काकूंना

तीर्थस्वरूप काकूंना सादर नमस्कार.

हे पत्र आपल्या घरी येऊन हातात देता आले असते, तरी ते कोणालाही वाचता येईल असे मुद्दाम लिहिते आहे. आमच्या घरच्या व्हिडिओ गेमची दाखल नोंदवही (वाचनालयात आलेल्या प्रत्येक प्रतीची क्रमांकासह नोंद ठेवतात तशी) पाहून 'ही पद्धत तू कुठून शिकलीस' असे विचारणाऱ्यांची संख्या वाढत चालली आहे आणि त्याचे श्रेय माझ्या पदरात पडावे हे मला योग्य वाटत नाही. नाव जाहीर करू नये ही आपली इच्छा मी पाळते आहे. पण तालुक्याच्या 'अ' वर्ग वाचनालयात ग्रंथपाल म्हणून सारी नोकरी केलेल्या आणि स्वतः कधी कन्सोल, म्हणजे गेम खेळायचे यंत्र, हाती न घेतलेल्या व्यक्तीने हे काम मार्गी लावून दिले, एवढे तरी लोकांना कळायलाच हवे.

माझा आणि माझ्या भावाचा संग्रह प्लेस्टेशन 2 पासून सुरू झाला आणि पुढे प्लेस्टेशन 3, एक्सबॉक्स 360, निन्टेन्डो स्विच व प्लेस्टेशन 5 असा पसरत गेला. त्यातले काही गेम डिस्कवर आहेत, काही कार्ट्रिजवर, तर काही केवळ एखाद्या ऑनलाइन खात्यात, म्हणजे इंटरनेटवरून उतरवून (डाउनलोड करून) खेळायचे. काही पुण्यात माझ्या कपाटात आहेत आणि काही भावाबरोबर टोरांटोला गेले आहेत. यादी आमच्याकडे होती. गेमचे नाव आणि त्यापुढे कन्सोलचे नाव, अशी दोन रकान्यांची. ती शेवटपर्यंत वाचून आपण विचारलेत, "ही नावे झाली. प्रती कुठे आहेत?" आमच्या आजच्या नोंदवहीतला प्रत्येक रकाना या एका प्रश्नातून निघाला आहे.

वाचनालयात एकाच कादंबरीच्या तीन प्रती आल्या तर तिन्हींना वेगळा दाखल क्रमांक मिळतो आणि एखादी प्रत गहाळ झाली तरी तिचा क्रमांक दुसऱ्या पुस्तकाला कधीच देत नाहीत, हा नियम आपण आमच्या संग्रहाला जसाच्या तसा लावलात. त्याची गरज किती मोठी होती हे 'द लास्ट ऑफ अस' या एका गेमवरून कळते. तो 2013 साली प्लेस्टेशन 3 वर आला, 2014 मध्ये सुधारित रूपात प्लेस्टेशन 4 वर आला आणि 2022 मध्ये नव्याने बांधून प्लेस्टेशन 5 वर आला. जुन्या यादीत हे नाव एकदाच होते. वास्तविक पहिली डिस्क प्लेस्टेशन 5 वर मुळीच चालत नाही, दुसरी चालते आणि तिसरी आमच्याकडे डिस्क म्हणून नाहीच, ती भावाच्या खात्यात आहे. कथा एकच असली तरी या तीन आवृत्त्या आहेत, तेव्हा नोंदी तीन आणि क्रमांकही तीन.

आपल्या नजरेचे मला सर्वांत अधिक कौतुक वाटले ते प्रदेशाच्या, म्हणजे प्रत जगातल्या कोणत्या भागात विकण्यासाठी काढली आहे याच्या, रकान्याच्या वेळी. आपण प्लेस्टेशन 3 ची दोन केस शेजारी ठेवलीत, पुस्तकाचा कणा पाहावा तसा त्यांचा कणा पाहिलात, आणि एकीवर बीएलईएस तर दुसरीवर बीएलयूएस अशी अक्षरे का आहेत, असे विचारलेत. मुखपृष्ठे जवळपास सारखी होती आणि आम्ही ती अक्षरे कधी निरखून पाहिलीही नव्हती. भारतात विकल्या गेलेल्या डिस्क बहुतेक युरोपीय प्रदेशाच्या, म्हणजे बीएलईएस मालिकेतल्या. बीएलयूएसवाली डिस्क न्यू जर्सीच्या मावसभावाने सुट्टीत येताना आणलेली. प्लेस्टेशन 3 वर दोन्ही चालतात, त्यामुळे फरक एरवी लक्षात येत नाही. मात्र गेमला जोडायची डीएलसी, म्हणजे ऑनलाइन दुकानातून उतरवून घ्यायचा गेमचा जादा भाग, डिस्कच्याच प्रदेशाच्या खात्यातून घ्यावी लागते. भारतीय खात्यातून घेतलेली डीएलसी अमेरिकी डिस्क ओळखत नाही. मराठी घरांतल्या बऱ्याच संग्रहांत काही डिस्क इथल्या दुकानातल्या, काही दुबईहून आलेल्या आणि काही अमेरिकेतल्या नातेवाइकांच्या बॅगेतून आलेल्या असतात, म्हणून हा रकाना आपल्याकडे तर हवाच हवा. प्लेस्टेशन 2 ला दुसऱ्या प्रदेशाची डिस्क मुळात चालत नसे, प्लेस्टेशन 4 च्या युरोपीय आणि अमेरिकी डिस्कवर सीयूएसए ही एकच अक्षरे असून फरक पुढच्या आकड्यांत असतो, आणि स्विचच्या कार्ट्रिजला प्रदेशाचे बंधन नाही, हे तपशील नंतर मी स्वतः शोधून लिहून काढले. शोधायचे काय, हे मात्र आपल्या प्रश्नामुळे कळले.

वर्गणीच्या गेमचा निर्णय आपण क्षणात दिलात. जे वर्गणी थांबताच परत जाणार, ते दाखल नोंदवहीत घ्यायचे नाही. दुसऱ्या ग्रंथालयाकडून वाचायला मागवलेले पुस्तक आपण आपल्या दफ्तरी चढवतो का, असे आपण म्हणालात. त्यामुळे एक्सबॉक्सच्या गेम पास आणि सोनीच्या प्लेस्टेशन प्लस या वर्गणीच्या सेवांतून मिळालेल्या गेमची आता वेगळी वही आहे आणि मुख्य नोंदवहीत खरोखर आमचे आहे तेवढेच आहे. अपवादही आपण शोधून काढायला लावलेत: एक्सबॉक्स 360 चे जे गेम सदस्यत्वाबरोबर दरमहा मिळत, ते सदस्यत्व संपल्यावरही खात्यात राहतात, तर एक्सबॉक्स वनचे तसे राहत नाहीत. पहिले मुख्य नोंदवहीत गेले, दुसरे वर्गणीच्या वहीत.

वार्षिक पडताळणी ही कल्पना मला प्रथम केवळ कपाटापुरती वाटली होती. डिस्क काढायची, क्रमांक जुळवायचा, ओरखडे पाहायचे, केसमध्ये डिस्क आहे ना याची खात्री करायची, एवढेच. खात्यातल्या गेमचीही पडताळणी झाली पाहिजे, आणि ती यादी वाचून नव्हे तर गेम प्रत्यक्ष उतरवून व सुरू करून, हा आग्रह आपला. त्यामागचे कारण दरवर्षी अधिक स्पष्ट होत गेले आहे. निन्टेन्डोने मार्च 2023 मध्ये थ्रीडीएस आणि वी यू या दोन्ही कन्सोलच्या ऑनलाइन दुकानांतली विक्री थांबवली. एक्सबॉक्स 360 चे दुकान 29 जुलै 2024 रोजी बंद झाले. सोनीने 2021 साली प्लेस्टेशन 3 आणि व्हिटा या हातात धरून खेळायच्या कन्सोलची दुकाने बंद करण्याचे जाहीर करून पुढच्याच महिन्यात तो निर्णय मागे घेतला. विक्री थांबली तरी पूर्वी घेतलेले गेम पुन्हा उतरवता येतात, पण ती सोय किती काळ राहील याची हमी नाही. म्हणून 'शेवटचे उतरवून पाहिले' हा तारखेचा रकाना आमच्या नोंदवहीत आहे, आणि माझ्या मते साऱ्या नोंदवहीत किमतीच्या रकान्याहून कितीतरी मोलाचा तोच आहे. डिस्कच्या बाबतीतही असेच एक उपकलम करावे लागले, कारण हातात डिस्क आहे म्हणजे त्यात गेम आहेच असे आता धरता येत नाही. एक्सबॉक्स 360 ची डिस्क नव्या एक्सबॉक्समध्ये घातली की गेम इंटरनेटवरून उतरतो, डिस्क फक्त मालकीचा पुरावा म्हणून लागते. 2025 साली आलेल्या स्विच 2 च्या काही कार्डांत तर गेम नसतोच, तो उतरवून घेण्याची केवळ किल्ली असते. अशा नोंदींपुढे आम्ही 'इंटरनेट आवश्यक' असा शेरा लिहितो.

एका गेमवरून आपली आणि माझी बरीच चर्चा झाली होती, ती इथे सांगते. 'द क्रू' हा गाड्यांच्या शर्यतीचा 2014 सालचा गेम पूर्णपणे कंपनीच्या सर्व्हरवर (इंटरनेटवरून जोडल्या जाणाऱ्या संगणकांवर) अवलंबून होता. 31 मार्च 2024 रोजी सर्व्हर बंद झाले आणि डिस्क चांगल्या स्थितीत असूनही गेम चालेनासा झाला. त्याचे निर्लेखन करून नोंद काढून टाकावी, असे माझे मत होते. आपण ते मानले नाही. जीर्ण पुस्तक बाद केले तरी दाखल नोंदवहीतली ओळ खोडत नाहीत. शेऱ्यात कारण आणि तारीख लिहितात, म्हणजे ते कधी होते, कसे आले आणि का गेले हे पुढच्या माणसाला समजते. ती ओळ आज तारखेसह जागेवर आहे. आपले म्हणणे पटल्यामुळे आम्ही विकलेल्या आणि हरवलेल्या गेमच्याही ओळी आठवतील तेवढ्या परत भरून काढल्या.

देवघेवीच्या वहीबद्दल फार लिहीत नाही. कोणी नेला, कधी नेला, परत कधी आला, एवढे तीन रकाने. त्यांच्यामुळे मित्रांकडे राहून गेलेले गेम कोणाचेही मन न दुखवता घरी आले.

बारकोड वाचून यादी बनवणारी चांगली अ‍ॅप आहेत आणि मीही एक वापरते; त्यामुळे नाव, वर्ष आणि प्रकाशक टाइप करण्याचा त्रास वाचतो. पण बारकोड आवृत्तीचा असतो, प्रतीचा नसतो. माझ्या डिस्कच्या केसमधली पुस्तिका गहाळ आहे, ती डिस्क भावाने पहिल्या पगारातून घेतली आणि तिची डीएलसी अमुक खात्यात आहे, या गोष्टी कोणत्याही बारकोडमधून येणार नाहीत. त्या लिहून ठेवण्याची शिस्त आपण लावलीत.

ही शिस्त घरापुरतीच उपयोगी आहे असेही मला वाटत नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या 2023 च्या पाहणीत असे आढळले, की अमेरिकेत 2010 पूर्वी प्रकाशित झालेल्या गेमपैकी 87 टक्के गेम आज विक्रीला उपलब्ध नाहीत. तिकडची ही स्थिती, तर आपल्याकडे वेगळे काय असणार? आमच्या कपाटात 'हनुमान: बॉय वॉरियर' हा 2009 साली भारतात तयार झालेला प्लेस्टेशन 2 चा गेम आहे. जुन्या यादीत तो इतर नावांच्या गर्दीत एक नाव होता. आपण त्याची नोंद करताना केसवरचा सारा मजकूर वाचलात, निर्मात्या कंपनीचे नाव आणि वर्ष लिहायला लावलेत आणि शेऱ्यात 'भारतीय निर्मिती, जपून ठेवावे' असे स्वतःच्या हाताने लिहिलेत. आपल्या अक्षरातली तेवढी एकच ओळ नोंदवहीत आहे.

काकू, आपण या कामासाठी दिलेला वेळ, गेमविषयी काहीही गृहीत न धरता विचारलेले प्रश्न, आणि 'पोरखेळ' म्हणून ज्याकडे अनेक वडीलधारी माणसे पाहतात त्या संग्रहाला आपल्या वाचनालयातल्या ग्रंथांइतक्याच आस्थेने दिलेली वागणूक, यांसाठी मी आणि माझा भाऊ आपले मनापासून आभार मानतो.

पुढची पडताळणी मे महिन्यात, भाऊ इथे असताना करायची आहे. त्याआधी एक गोष्ट ठरवायची राहिली आहे: डीएलसीला स्वतंत्र दाखल क्रमांक द्यावा, की ग्रंथाच्या पुरवणीप्रमाणे मूळ गेमच्या क्रमांकाखाली अ, ब, क असे घ्यावे? भावाचे मत पहिल्या बाजूने आहे आणि माझे दुसऱ्या. आपण सांगाल त्याप्रमाणे करू.

आपली नम्र,
शेजारच्या घरातली, साऱ्या वह्या सांभाळणारी